भूत पाळणाऱ्या बाई

मुलांनो, तुम्ही अल्फारेटाहून सव्हाना शहरातली जुनी घरं बघायला निघालात, असं तुमच्या आईनं सांगितलं. तिथले गाइड भुतांच्या गोष्टी सांगतील. त्यांतल्या एका भुताचा जन्म मी पाहिला आहे, म्हणून हे लिहिते.

ऐंशीच्या दशकात मी आणि तुमचे आजोबा तिथं पायी हिंडत होतो. एका रिकाम्या, विटांच्या घराच्या पायरीवर पांढरे हातमोजे घातलेल्या एक वृद्ध बाई बसल्या होत्या. राहायला त्या समोरच. हे घर पाडून तिथं पार्किंग करायचं घाटत होतं. पर्यटकांची घोडागाडी आली की बाई वरच्या खिडकीकडे बोट दाखवून हळूच म्हणत, "ती अजून वाट बघते!" सगळे कॅमेरे वर वळत. गाडी गेली की बाई शांतपणे पेपरमिंट चघळत.

"कोण वारलं इथं?" मी विचारलं.

"अजून ठरवतेय, हनी. काल कॅप्टनची विधवा होती. पण नवरीचे फोटो जास्त निघतात."

"आमच्याकडे भुतानं घर ओस पडतं."

"इथं ते वाचतं. नुसतं जुनं घर कोणीही पाडेल, भुताचं पाडायला मेयरही धजणार नाही. लग्न झाल्यापासून मी रोज सकाळी हेच घर बघते. आता या वयात पार्क केलेल्या गाड्या बघू?"

आजोबा इंजिनिअर, भुताखेतांवर काडीचा विश्वास नाही. पण पुढची गाडी आली तेव्हा बाईंच्या आधी त्यांनीच वर बोट दाखवलं.

मागच्या वर्षी मी तिथं जाऊन आले. बाई आता नाहीत. घर उभं आहे आणि त्यात माणसं राहतात.