दुर्पताबाईचं मरण कापलं

दुर्पताबाई माझी मोठी जाऊ. जिद्दी किती, तर सडक अर्जुनीच्या बाजारात मिरचीवाल्यालाच तिनं माप धरायला शिकवलं. अशा बाईला सिनेमात भिऊन मरायचं काम मिळालं, तिथंच सगळं बिघडलं.

दोन वर्षांमागं आमच्या जंगलात शूटिंग होतं. परग्रहावरून आलेला राक्षस माणसं खातो, त्या पिच्चरचा दुसरा भाग. पहिल्या भागात त्यानं शास्त्रज्ञ खाल्ले होते, आता मोहफुलं वेचणाऱ्या बाया पाहिजे होत्या. त्या आम्ही दोघी. राक्षस आला की मी किंचाळत पळायचं, आणि पळता पळता दुर्पताबाईला त्यानं पकडून खायचं. मरायचा सीन तिचा, म्हणून ती गावभर मिरवत होती. माझा जळफळाट झाला, खोटं कशाला बोलू.

राक्षसाच्या रबरी कातड्यात गोंदियाचा मुन्ना होता. तो गुरगुरत आला. मी धूम ठोकली. ही मात्र जागच्या जागी! डोक्यावर धरलेली टोपली काठीनं बडवायला लागली, "हट्! हट् रे मुडद्या!" मुन्नाच चार पावलं मागे सरला.

"माँजी, भागना है!" डायरेक्टर ओरडला.

"कायले भागू? अस्वलापुढं पळाचं नसते. पळलं का ते पाठीवर येते. मी सामने उभी राह्यली होती एकडाव."

"ये भालू नहीं है, माँजी!"

"भूक तं लागूनच राहिली नं त्याले?"

सात वेळा घेतला तो सीन. सातव्यांदा काठी मुन्नाच्या कानावर बसली आणि शूटिंग आटोपलं.

पिच्चर गोंदियाला लागला तेव्हा शेजारच्या तिलकच्या पिकअपमध्ये पंधरा जण कोंबून गेलो. दुर्पताबाई नवं लुगडं नेसून पुढच्या सीटवर. पडद्यावर मी दिसले. म्हणजे माझी पळती पाठ, पण दिसली! दुर्पताबाईचा सीन मात्र सगळाच कापलेला. टॉकीजमध्ये सर्वांत मोठ्यानं मीच हसले.

मग गावाला तोंड फुटलं. "पिच्चर बी खोटा, अन् ते अस्वल बी खोटं," तिलक तिच्या तोंडावर म्हणायचा. तिनं अस्वलाची गोष्ट सांगायचीच सोडली. मला वाईट वाटायचं. पण 'शूटिंगला मी होती तिथं, राक्षसापुढं ती हटली नाही' असं मी एकदाही बोलले नाही. माझी पाठ पिच्चरमध्ये होती ना!

यंदा चैतात मी मोहाखाली एकटीच वाकले होते. मागे फुसफुस ऐकू आली. वळून पाहते तर खरं अस्वल, दहा हातांवर! अगं माय! पाय निघालेच होते, तेवढ्यात जाऊ आठवली. टोपली डोक्यावर धरली, काठीनं बडवली, आणि तोंडातून निघालं, "हट् रे मुडद्या!" अस्वलानं नाक वर करून मला पाहिलं आणि झुडपात निघून गेलं.

तशीच घरी आले. अंगणात तिलक होता, शेजारच्या बाया होत्या. सगळ्यांसमोर सगळं सांगून टाकलं, शूटिंगच्या सातही वेळांचं. "बाईमुळं वाचली मी. ते अस्वल खोटं नव्हतं. मीच चूप राहिली."

तिलक खाली पाहायला लागला. दुर्पताबाई मोहफुलं पाखडत होती, तिचे हात थांबले. पदरानं डोळे पुसून तिनं मला खालून वरपर्यंत पाहिलं.

"पळाली नाही नं, रविता?"

"नाही, बाई."

"झालं मंग. आता तुले बी कापतीन."