शपथेतला चोरटा वळेसर

तेव्हा मी रेवदंड्याला अकरावीत होते. मुंबई महाराष्ट्रातच राहिली पाहिजे म्हणून आम्हा विद्यार्थ्यांचे संप चालले होते. खरं सांगायचं तर संप म्हणजे गणिताचा तास बुडवून किल्ल्याच्या तटावर बोरं खाणं. मग मुंबईत मोर्चावर गोळीबार झाला आणि आमच्याच शाळेतून कॉलेजात गेलेला एक मुलगा त्यात गेला. त्याची जुनी भूमितीची वही माझ्याकडे होती. त्या दिवसापासून बोरं थांबली. घरच्यांना भिऊन मागे राहणाऱ्या मुलीही मोर्चात येऊ लागल्या.

आता त्याच्यासाठी काहीतरी जाज्वल्य करायला हवं, आणि जाज्वल्य म्हटलं की मीच पुढे! प्रार्थनेनंतर बाकावर चढून मी गरजले, “मुंबई मिळेपर्यंत एकही मुलगी केसांत फूल माळणार नाही!” सगळ्यांनी शपथ घेतली. घरी जाऊन मी आरशात माझा त्यागी चेहरा पाहिला. बराच वेळ पाहिला.

त्या मुलाची आई आमच्या शाळेच्या फाटकाशी गजरे विकायची. रोज तिच्याकडूनच तर घ्यायचे मी! पण त्यागाच्या भरात एवढं कुणाला सुचतं?

तेरावं झाल्यावर ती टोपली घेऊन पुन्हा येऊन बसली. मुली मान खाली घालून पुढून जायच्या आणि टोपली भरलेलीच घरी जायची. चौथ्या दिवशी तिनं मला अडवलं.

“माझ्या हातची फुलं न्हाय चालत काय गो आता?”

मी छाती काढून शपथ सांगितली. “तुमच्या मुलासाठी, मावशी!”

तिनं सगळं ऐकून घेतलं, मग नाक वर केलं. “आन् ह्यो बकुळीचा वास कुठनं येतोय?”

वास माझ्या वेणीतून येत होता. आमच्या परसातल्या बकुळीची फुलं ओवून केलेला वळेसर मी पेडांच्या आत गुंफून घेतला होता. दिसत नाही म्हणजे माळला नाही, हा माझा कायदा. तिनं दोन बोटांनी तो बाहेर ओढला आणि अशी हसायला लागली की डोळ्यांतून पाणी आलं. मग पदरानं तोंड पुसत म्हणाली, “शाळंत यायच्या आधी माझा पोर फुलं खुडून द्यायचा मला. त्याच्याच नावानं फुलं बंद करताय? मी खाऊ काय?”

दुसऱ्या दिवशी मी त्याच बाकावर चढून चूक कबूल केली आणि शपथ मागे घेतली. मागून एक मैत्रीण ओरडली, “पुढारीण बाई, आधी वेणी उकला!”

पुढच्या मोर्चात प्रत्येकीच्या डोक्यात एवढा थोरला गजरा होता. मुलांनी मनगटाला बांधले. सगळ्यांच्या पुढे मावशी, रिकामी टोपली काखेत घेऊन. तिला पाहून एरवी आम्हाला उडाणटप्पू म्हणणाऱ्या बायकाही दारं ओढून निघाल्या.

समुद्रापर्यंत घोषणा देऊन माझा घसा बसला. मावशी टोपली उपडी घालून तिच्यावर टेकली आणि मला म्हणाली, “उद्या पन मोर्चा हाय काय गो?”