एका वाक्याची फिर्याद

ॲड. महानंदाताई कपाळे यांची आणि माझी पहिली भेट झाली ती भांडणाने. ताईंच्या या गौरवग्रंथात ज्येष्ठ वकील, निवृत्त न्यायाधीश, ताईंच्या हाताखाली तयार झालेली मंडळी लिहिणार आहेत. त्यांच्या पंगतीत माझं पान कुणी मांडलं, असा प्रश्न पडेल. ते ताईंनीच मांडलं. संपादक मंडळाला त्या म्हणाल्या म्हणे, "त्या लोह्याच्या पोरालाबी लिहू द्या. तो खोटं गोड बोलत न्हाई." तेव्हा पंच्याहत्तरीच्या या सोहळ्यात माझा एखादा शब्द तिखट लागला, तर जबाबदारी सत्कारमूर्तींची.

ताई मूळच्या उदगीरच्या. कायदा शिकल्या लातूरला, आणि लग्नानंतर नांदेडला वकिली सुरू केली ती आजतागायत. मी लोहा तालुक्यातला. लातूरला डिग्रीला होतो, दुसऱ्या वर्षी कॉलेज सोडलं, आता नांदेडात लग्नाच्या शूटिंगची कामं करतो. कॉलेज सुटलं तरी लातूर काही सुटलं नाही, कारण ती तिथे शिकते. तिचं नाव लिहीत नाही. आमच्या जाती वेगळ्या आहेत. कोणत्या, तेही लिहीत नाही. लिहिलं की आपल्याकडे माणसं पुढचं वाचायचं सोडून बाजू घ्यायला लागतात.

दोनेक वर्षांपूर्वी तिच्या गावात एक सभा झाली. वक्ता बाहेरचा, पण त्याला आमची माहिती कुणीतरी पुरवलेली. नाव न घेता त्याने 'लातूरला शिकायला पाठवलेली आपली लेक' म्हटलं, माझ्या लाल मोटरसायकलचा उल्लेख केला. सगळ्या गावाला कळलं. मग माझा समाज फुकट्यांचा, मिजासखोरांचा, असं बरंच झालं. आणि शेवटी म्हणाला, "तो पुन्हा या शिवारात दिसला, तर आपल्या पायांनी परत जाता कामा नये." टाळ्या पडल्या.

मी रागाने चार पानं लिहून काढली आणि ती घेऊन ताईंच्या ऑफिसात शिरलो. ओळख ना पाळख. म्हटलं, ह्याला आत टाका, ह्याचं भाषण बंद करा, ह्याच्यासारखी सगळी भाषणं बंद करा. ताईंनी चष्मा पुसला.

"ऐकलंस का भाषण?"

"ऐकलं की. क्लिप हाय माझ्याकडं. एक मिनिटाची."

"आन् भाषण किती वेळ झालं?"

"असंल तासभर."

"मग बाकीचं कोण ऐकणार? तुझा मामा?"

ताईंच्या कामाची ही पद्धत आपल्यापैकी अनेकांना माहीत असेल. बोलण्यावरून झालेल्या कोणत्याही प्रकरणात त्या तुकड्यावर विश्वास ठेवत नाहीत. अख्खं ऐकल्याशिवाय कागदाला हात लावत नाहीत. आमच्याच धंद्यातल्या एकाने ती सभा शूट केली होती. त्याच्याकडून मी पूर्ण रेकॉर्डिंग आणलं. ताई माझ्यासमोर ते ऐकत बसल्या, आणि अर्ध्यात चक्क हसल्या! त्या माणसाच्या एका विनोदावर हसल्या! मी ताडकन उठलो.

"ताई, तुम्ही हसून राहिलात?"

"विनोद चांगला व्हता रे. माणूस वाईट हाय म्हणून हसूबी यिऊ नये का? बस खाली."

ऐकून झाल्यावर त्यांनी माझ्या चार पानांवर पेन्सिल चालवायला सुरुवात केली. 'फुकटे' खोडलं. 'मिजासखोर' खोडलं. माझ्या वडिलांच्या टोपीची केलेली टिंगल खोडली. प्रत्येक ठिकाणी त्यांचा प्रश्न एकच: "हे ऐकून माणूस घरी जाऊन काय करील? हसंल, शिवी दील, का काठी काढंल?" हसेल किंवा शिवी देईल असं उत्तर आलं की पेन्सिल फिरायची. शेवटी एकच वाक्य उरलं, ते पायांचं.

"इथं मातर काठी निघती," ताई म्हणाल्या. "ह्याच्यावर फिर्याद. बाकीच्याला उत्तर द्यायचं तर तूबी सभा घे."

मला ते पटलं नाही. आजही पूर्ण पटलेलं नाही, हे मी या गौरवग्रंथात नम्रपणे नोंदवतो. तासभर जो अपमान माणसाच्या अंगावर ओततो, त्याचं काहीच नाही? त्या ओतण्यामुळेच तर शेवटच्या वाक्याला टाळ्या पडतात. हे मी ताईंना ओरडून सांगितलं. त्यांनी आवाज चढवला नाही.

"बरोबर हाय तुझं. म्हणून तर अख्खं भाषण कोर्टाला ऐकवणार. पण गुन्हा म्हणून बोट ठेवायचं ते एकाच जागी. आज तू कलम लई रुंद करून मागशील, उद्या त्याच रुंद कलमात तुला बसवतील. तुझं तोंड काय कमी हाय का?"

मग ताईंनी दुसरं विचारलं. "पोरीला विचारलंस का?"

नव्हतं विचारलं. फिर्याद झाली की तिचं नाव ठाण्यात जाणार, कोर्टात जाणार, आणि घरचे तिचं लातूर बंद करणार, एवढा साधा विचार माझ्या डोक्यात आला नव्हता. तिचं शिक्षण पणाला लागलं होतं आणि मी माझा अपमान मोजत बसलो होतो. ताई म्हणाल्या, "ती न्हाई म्हणली तर हा कागद मी फाडणार. तू कितीबी उड्या मार."

ती लातूरहून एसटीने आली. ताईंनी मला बाहेरच्या बाकावर बसवलं, पण दार उघडं होतं. ती म्हणाली, "मॅडम, तो ह्याच्याबद्दल बोलला तसा माझ्याबद्दलबी बोलला ना? 'आपली लेक' म्हणाला. मी काय गावाची म्हैस हाय का? फिर्याद मी देणार. ह्याला साक्षीदार ठेवा." आत ताई मोठ्याने हसल्या, आणि बाहेर मी बाकावर बसल्या बसल्या पुन्हा एकदा प्रेमात पडलो.

ठाण्यात गुन्हा दाखल झाला, पण त्याआधी ताईंनी जे केलं ते मला मुद्दाम सांगायचं आहे. गुडघे दुखत असताना त्या एसटीने तिच्या गावी गेल्या, तिच्या वडिलांकडे. मी तिथे नव्हतो, मला येऊच दिलं नाही. तिने नंतर सांगितलं ते लिहितो. वडील म्हणाले, "बाई, आमच्या पोरीचं नाव कोर्टात?" ताई म्हणाल्या, "अप्पा, नाव तर त्यानं न उच्चारताच चावडीवर नेलं, तुम्हाला न विचारता. पोरगी आता आपल्या तोंडानं आपलं नाव सांगून राहिली. ह्यात कमीपणा कुणाचा?" वडिलांनी पानं वाढायला सांगितली. ताई तिथेच जेवल्या, ज्वारीची भाकरी आणि वरण. जेवण झाल्यावर वडील एवढंच म्हणाले, "परीक्षा झाल्यावर बघू." तिचं लातूर टिकलं.

आता ज्या प्रसंगावरून मी ताईंशी महिनाभर अबोला धरला, तो. सभेच्या आयोजकाचा पुतण्या गजू. त्याने मोबाइलच्या स्टेटसला माझ्यावर कविता टाकली:

लातूरला गेला शिकाया, आला हात हलवत,
परक्याच्या दारात बसला शेपूट हलवत.

माझ्या दोस्तांनी परस्पर ठाण्यात तक्रार दिली आणि गजूला पोलिसांनी बसवून ठेवलं. मला गुदगुल्या झाल्या. तेवढ्यात ताईंचा फोन. ऑफिसात गेलो तर गजूची आई डोळ्याला पदर लावून बसलेली.

"वाच ती कविता," ताई म्हणाल्या. वाचली. "हे वाचून माणूस घरी जाऊन काय करील?"

"हसंल."

"मग?"

"माझ्यावर हसंल ना, ताई!"

"तुझ्यावर हसायला बंदी हाय का ह्या देशात?"

गजूला सोडवायला मी नाही म्हणालो, चिडलो, ताईंना वाट्टेल ते बोललो. ताई त्या बाईंना म्हणाल्या, "बघा माय, हा मला किती बोलला. ह्याला आत टाकू का?" त्या माउलीला रडता रडता हसू आलं. मग मात्र मी उठलो.

ठाण्यात साहेबांना सांगितलं की, मला राग आला, धोका काही वाटला नाही, माझी तक्रार नाही. साहेब म्हणाले, "कलम लावा म्हणून आधी तुम्हीच गळा काढत होतात ना?"

"ते त्या वाक्यासाठी, साहेब. हे वाक्य वेगळं हाय."

ताईंचंच बोलणं माझ्या तोंडून निघालं होतं आणि त्याचाच मला जास्त संताप आला. गजू बाहेर आला. आभार वगैरे काही नाही. म्हणाला, "आता नवी टाकू का?"

म्हटलं, "टाक. पण यमक तरी नीट जुळव. दोन्हीकडं हलवतच?"

ताईंशी मी त्या दिवसापासून बोललो नाही. महिन्याने त्यांनीच निरोप धाडला, "राग संपला नसंल तरी ये. भांडायला माणूस न्हाई." आपल्याशी भांडणाऱ्याला असं बोलावून घेणारी माणसं मी फार पाहिली नाहीत.

खटला अजून चालू आहे. तिची साक्ष व्हायची आहे. तो वक्ता दर आठवड्याला कुठे ना कुठे बोलतोच आहे, टाळ्या पडतातच आहेत, आणि तिच्या गावच्या फाट्यावरून जाताना मी आजही गाडीचा वेग वाढवतो. एका वाक्याच्या फिर्यादीने हे सगळं थांबेल का, मला माहीत नाही. ताईंनाही माहीत नाही. त्या तसं कबूल करतात.

आणि एक निकाल कोर्टाबाहेर अडला आहे. मी तिला लग्नाचं विचारलं. तिने उत्तर दिलं नाही. शेवटी ताईंकडे गेलो. "तुमचं ऐकती ती. तुम्ही विचारा ना."

"मी न्हाई. फिर्याद तिनं आपल्या तोंडानं दिली, हे उत्तरबी ती आपल्या तोंडानं दील. माणसाला बोलायचा हक्क हाय, तसा गप बसायचाबी हाय."

"आन् मी काय करू?"

"वाट बघ. आन् तवर सोडलेल्या डिग्रीच्या परीक्षेला बस."

तर ताई, आपणांस निरोगी आणि उदंड आयुष्य लाभो, गुडघ्यांनी कोर्टाच्या जिन्यांवर साथ द्यावी, ही साऱ्यांसोबत माझीही प्रार्थना. यात माझा स्वार्थ आहे, तो लपवत नाही. ती 'हो' म्हणाली तर पहिला आशीर्वाद आपला हवा. 'नाही' म्हणाली तर मी तावातावाने आपल्याच दारात येईन, आणि माझं अख्खं ऐकून घ्यायला आपणच तिथे हव्यात.