ताईला रजिस्टर पोस्ट

वडील गेल्यावर चार महिन्यांनी, घाटंजीजवळच्या आमच्या पाच एकरांच्या सातबाऱ्यावर वारसांची नावं चढवायची वेळ आली. वारस तिघं: आई, मी आणि पांढरकवड्याला दिलेली माझी मोठी बहीण. आमच्याकडे अशा वेळी बहिणी हक्कसोडपत्रावर सही करतात, साडी-चोळी घेतात आणि सगळे जेवायला बसतात. तुला काय वाटतं, हे कोणी विचारत नाही.

मलाही तेच हवं होतं. फक्त ताईला ते तोंडानं सांगायची हिंमत होत नव्हती. तीनदा फोन लावला, तीनदा तिच्या गुडघ्यांची चौकशी करून ठेवला. माझी हयात कचेरीत टपाल लिहिण्यात गेलेली. शेवटी ज्यात हात बसलाय तेच केलं. वर विषय, संदर्भ टाकून लिहिलं, 'आपणास कळविण्यात येते की, आपण ओळखपत्रासह उपस्थित राहून हक्कसोडपत्रावर स्वाक्षरी करावी.' खाली 'आपला विश्वासू'. आणि पोचपावती लावून रजिस्टर केलं. सख्ख्या बहिणीला.

पोचपावतीच्या आधी ताईच आली. चपला काढायच्या आत, दारातच तिनं पत्र उघडलं.

"माय, आयक. 'आपणास कळविण्यात येते!' ज्याचं नाक मी पुसलं, तो मले आपण म्हणून राह्यला."

आई तूर निवडत होती. "म्या नाही सांगतलं बाई त्याले," ती घाईनं म्हणाली.

"पोस्टमननं सही घेतली माही. सासूबाई म्हणे, कोर्टाचं हाय का? म्हणलं, नाही जी, भावाचं हाय."

मी हसायला गेलो. ताई हसत नव्हती. तिनं पत्राची घडी घातली, परत उघडली.

"सही करतेच मी. आन पेन. पण बाबाच्या कागदावर माहं नाव अजून लागलं बी नाही, अन् तू पुसाले बसला. कायले रे एवढी घाई?"

मग मी पोटातलं सांगून टाकलं. तुझं नाव लागलं की उद्या भाचे वाटणी मागतील, मोजणी आणतील, शेताच्या मधोमध बांध पडेल.

"मागतील तवा पाहू. आजपासूनच कायले भांडतं त्याइच्याशी?"

"ताई, तुले नाव पाह्यजे का?" मी विचारलं. एवढंच विचारायला मला चार महिने लागले होते.

तिनं पदरानं चष्मा पुसला.

"पीक तू घे. मले नाव पाह्यजे. माहेरी आली तं वावरात पाय ठेवाले कोनाले विचारा लागू नये."

हक्कसोडपत्र बाजूला राहिलं. तिघांच्या नावांचा अर्ज मी तलाठ्याकडे दिला, नोटिशीची मुदत संपली, फेरफार मंजूर झाला. नवा सातबारा मी स्वतः बसनं पांढरकवड्याला नेला. टपालाचा विचार मनातही आणला नाही. ताईनं तो खिडकीपाशी नेऊन वाचला.

"मी मोठी. मंग माहं नाव तुह्या खाली कसं?"

तलाठ्यावर ढकलावं असं क्षणभर वाटलं. पण वारसांची यादी माझ्याच हातची होती. "अर्ज मीच लिहिला ताई. दुरुस्त करून आणतो."

"राहू दे. बाबाच्या सायकलवर बी तू समोर दांड्यावर बसे अन् मी मांगं कॅरिअरवर. तू झोपून पडशीन म्हणून बाबाच्या बाजूनं हात घालून तुहा सदरा धरा लागे मले."

कागदाला घडी पडू नये म्हणून तिनं तो गादीखाली सपाट ठेवला, वरून हात फिरवला, आणि मला जेवायला वाढलं.