तीनदा टोचलेलं बोट

गावात माझी ओळख दोन गोष्टींनी: एक माझं तोंड आणि दुसरी माझी सुई. मी आशा, म्हणजे आरोग्य खात्याची गावातली स्वयंसेविका. एटापल्ली तालुक्यातल्या आमच्या गावात कुणाचं अंग कसकसलं की आधी मला हाक येते. बोटाला सुई, पट्टीवर रक्ताचा थेंब, वरून औषधाचे थेंब आणि मग पंधरा मिनिटं थांबायचं. एक रेघ उमटली तर हिवताप नाही, दोन उमटल्या तर आहे. इतक्या वर्षांत त्या रेघांवर माझा विश्वास बसला होता, आणि त्याहून जास्त स्वतःवर.

माझा भाऊ माझ्याहून नऊ वर्षांनी लहान. मायच्या कडेवर कमी आणि माझ्या कडेवर जास्त वाढला. पुण्याकडे एका गोदामात माल उचलायचं यंत्र चालवायचा. यंदा मोहफुलांच्या दिवसांत तो न कळवता जीपमधून उतरला, तेव्हा मला इतका आनंद झाला की गालफडं बसलेली दिसूनही मी ती पाहिली नाहीत. मला गावातच दिलेलं, माहेर चार घरं सोडून. मी लगेच लाखोळीच्या डाळीचे वडे तळायला घेतले. एरवी टोपलं रिकामं करणारा गडी, त्यानं अर्धा वडा खाल्ला आणि ताट सारलं.

"काऊन रे, बरे नाई झाले का?"

"भूक नाई बाई. डोकं दुखून राह्यलं."

दुसऱ्या दिवशी सकाळी माय मला बोलवायला आली. भाऊ घामानं चिंब, तरी कुडकुडत होता. दोनदा उलटी झालेली. हात थरथरत होते आणि रात्रभर डोळ्याला डोळा लागला नव्हता. माय पाणी घेऊन गेली तर तिच्यावर असा खेकसला की ती तांब्या ठेवून बाहेर येऊन बसली. आमच्याकडे घाम, थंडी आणि उलटी एकत्र दिसली की दुसरा विचारच कुणी करत नाही.

"हिवताप आहे," मी पिशवी उघडण्याआधीच सांगून टाकलं.

"हो, तसंच असंल," तो म्हणाला. इतक्या लवकर कबूल झाला, तिथंच मला खटकायला हवं होतं.

पट्टीवर एकच रेघ आली. मला वाटलं, उन्हात पट्ट्या खराब झाल्या असतील. दुसऱ्या खोक्यातली काढली, तिच्यावरही एकच. मग तिसऱ्यांदा टोचलं.

"बाई, चाळणी करतं का माह्या बोटाची?" तो म्हणाला. घामानं भरलेल्या त्या चेहऱ्यावर तेवढ्यापुरता जुना, खोडकर भाऊ दिसला.

तिसऱ्यांदाही एकच रेघ. शहाण्या माणसानं तिथं थांबून विचारलं असतं, बाबा, तुला नक्की काय होतंय? पण मी शहाणी कधी होते! काचपट्टीवर रक्त घेऊन तालुक्याला पाठवलं आणि गावभर सांगून मोकळी झाले की भाऊ पुण्याहून हिवताप घेऊन आला. बाया चौकशीला आल्या. तो पांघरुणात तोंड घालून पडून राहिला.

तिसऱ्या दिवशी पहाटे मायनं त्याला मोहाला नेलं. झोप नाहीच तर निदान हवा लागेल, असं तिचं म्हणणं. मीही गेले. आमच्याकडे कुठलं झाड कुणाचं हे ठरलेलं असतं. आमचं नाल्यापलीकडे. माय झाडाखाली जुनी लुगडी पसरते आणि फूल आपोआप पडेल तेवढंच वेचते. झाड हलवलेलं तिला चालत नाही. भाऊ वेचायला बसला, पण थरथरत्या बोटांतून फुलं निसटत होती. उजाडलं तसा तो उठायला गेला आणि टोपल्यावरच कोसळला. डोळे फिरले, हातपाय ताठ झाले आणि झटके येऊ लागले.

शेजारच्या झाडाखालचा काका चप्पल हुंगवायला धावत आला. मी इतक्या जोरात ओरडले की तो जागच्या जागी थांबला. झटके थांबल्यावर भावाला कुशीवर केलं, तोंडातली लाळ वाहू दिली. माझे हात शिकवल्याप्रमाणे चालत होते, पण डोक्यात एकच गोष्ट होती. हिवताप मेंदूत चढला की असेच झटके येतात, आणि त्यातून गेलेली माणसं मी पाहिली आहेत. तीनदा टोचून मला तो सापडला नाही, आता माझ्यामुळे भाऊ जाणार. जीपमध्ये त्याचं डोकं मांडीवर घेऊन मी तालुक्यापर्यंत रडत गेले, आणि माय माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

दवाखान्यातली डॉक्टरबाई वयानं माझ्याहून लहान होती. सलाइन लावलं, झटक्यावर इंजेक्शन दिलं, छातीचा ईसीजी काढला. काचेवरचं रक्तही पुन्हा तपासलं.

"हिवताप नाही, ताई," ती म्हणाली. "तुमची पट्टी बरोबर होती."

मग तिनं आम्हा दोघींना बाहेर बसवलं. भाऊ शुद्धीवर आल्यावर त्याच्याशी ती बराच वेळ एकटी बोलली. बाहेर आली ती मला म्हणाली, "त्याला तुम्हाला काही सांगायचंय. ओरडू नका."

माझी कीर्ती तिथपर्यंत पोचलेली दिसत होती.

भाऊ छताकडे पाहत बोलला. वर्षभर तो एका पाकिटातला पाला ओढत होता. आधी कधीमधी गांजा, पण गोदामात अचानक लघवी तपासायला लागले, तेव्हा खोलीवरच्या एकानं हे पाकीट दिलं. तपासणीत येत नाही म्हणाला. मग सकाळी उठल्याबरोबर तेच लागायला लागलं.

"कायचा पाला व्हय तो?"

"पाल्याचं काई नाई बाई. त्यावर कायतरी फवारून असते. काय असते, ते मले नाई माहीत."

"आणि इथी आल्यावर?"

"मायच्या घरी नाई न्यायचं म्हणून नागपूरलेच फेकलं सारं. वाटलं, दोन दिवस तरास होईल."

"मग सांगितलं काऊन नाई? मी तीन-तीनदा टोचून राह्यली होती!"

"तू हिवताप म्हनली. हिवताप बरा वाटला मले. त्यात लाज नाई ना."

मला त्याला थोबाडीत मारायची होती. हात उचललाही, पण तो गेला त्याच्या केसांवर. मायच्या घरी विष नको म्हणून एकट्यानं सगळं फेकून, मरणाच्या दारात जाऊन आलेलं माझं लेकरू ते.

डॉक्टरबाईनं मला नीट समजावलं. लोक गांजासारखंच समजून ओढतात, पण ही कारखान्यात बनवलेली रसायनं असतात आणि गांजापेक्षा कितीतरी पट जहाल असू शकतात. एका पाकिटात थोडं, दुसऱ्यात भरमसाट, विकणाऱ्यालाही ठाऊक नसतं. त्यानं छाती धडधडते, झटके येतात, किडनीला मार बसतो, कुणाला भलतंसलतं दिसायला-ऐकायला लागतं. रोजची सवय असताना एकदम तोडलं की घाम, उलटी, थरथर, चिडचिड, झोप उडणं सुरू होतं. म्हणून एकट्यानं, घरात लपून तोडू नये. त्यावर उतारा असा नाही. दवाखान्यात राहून एकेक लक्षण सांभाळायचं.

"आमच्याकडे हे पकडणारी पट्टी नाही," ती म्हणाली. "माणसानं स्वतः सांगितलं, तरच कळतं."

आठवडाभर आम्ही तिथं होतो. तो मला शिव्या देई, मग रडे, मग भात मागे आणि खात नसे. मायला मी काय सांगावं याचा विचार करत होते, तर तीच म्हणाली, "मले सारं समजते. त्याले खोदून खोदून नको विचारू. तो सांगन तेवढं ऐक." माझ्यासारख्या बोलभांड बाईला हे औषध कडूच होतं.

घरी आल्यावर तलफ यायचीच. आली की त्याला अंगणातही बसवत नसे. डॉक्टरबाईनं सांगितलेलं, लाट चढते तशी उतरते, तेवढा वेळ कुणीतरी सोबत हवं. एका दुपारी तो माझ्या दारात आला आणि बोट पुढं केलं. मला कळलं. मी सुई काढली नाही. घड्याळ समोर ठेवलं आणि पट्टीला थांबतो तशी पंधरा मिनिटं त्याचं बोट धरून बसले. कधी तेवढ्यात भागे, कधी पुन्हा पंधरा धरावी लागत. मधल्या वेळात मी गावातली भांडणं तिखटमीठ लावून सांगे.

आता तो ब्रह्मपुरीला एका राइस मिलमध्ये आहे. महिन्यातून एकदा दवाखान्यात जातो. मधूनच फोन येतो, "बाई, बोट." मी असेन तिथं पंधरा मिनिटं फोन कानाला लावून बसते. एकदा एका लेकराचं वजन करता करता फोन आला, तर वजनकाटा सोडून बसले होते.

परवा सकाळी फोन आला तेव्हा आवाज वेगळा होता.

"बाई, आज बोट नाई दिलं. ओढलं मी."

माझ्या तोंडात काय काय आलं ते इथं लिहिण्यासारखं नाही. मी ते गिळलं.

"छाती धडधडून राह्यली का?"

"थोडी."

"दवाखान्यात जाऊन बस. डॉक्टरले सारं खरं सांग. मी निघाली."

"ओरडनार नाई?"

"येऊन ओरडते. तू सांगितलं ना, बस झालं."

मायला हाक मारली, चपला घातल्या आणि गडचिरोलीची गाडी गाठायला पळत सुटले. इतक्या वर्षांत आजाऱ्याकडे जाताना मी सुई-पट्ट्यांच्या पिशवीशिवाय कधी निघाले नव्हते. त्या दिवशी ती खुंटीलाच राहिली.