राखेच्या रेषा

दादा गेल्यावर भेटायला आले त्यांत त्याचे जुने खेळाडूच जास्त होते. कुणी मास्तर झालेला, कुणी वडनेरला शेती करणारा, कुणी बँकेत. ओट्यावर दाटीवाटीने बसून ते एकमेकांना त्याच्या गोष्टी सांगत होते, आणि प्रत्येकाच्या गोष्टीत राख होती. घरून राख आणायला विसरलं की सर मैदानाभोवती कसे पळवत. कुणाच्या आईने डब्यात राखेबरोबर विस्तवच भरून दिला आणि सायकलच्या कॅरियरवर पिशवी कशी पेटली. हसत, मग पुढची गोष्ट काढत. राखेचं पुरतं कारण त्यांच्यापैकी कुणालाच ठाऊक नव्हतं. ते आम्हा दोघा भावंडांत होतं. आता मी एकटी उरले आहे, म्हणून लिहिते.

वर्ध्याच्या बाजारात आमचं चुना-रंगाचं दुकान होतं. कळीचा चुना, गेरू, पिवडी, नीळ. दिवाळीच्या आधी घरोघरी भिंतींना पोतारा सुरू झाला की बाबांना जेवायला सवड नसे. चुन्यातलं बाबांना कळतं, हे बाजारात सगळे मानत. अंगणातल्या टाक्यात ते चुना भिजवत तेव्हा आम्हा मुलांना लांब उभं करत. पाणी पडलं की थंड, पांढरी ढेकळं एकाएकी फुटून उकळायला लागत, वाफ निघे. "पाणी पडेपर्यंत चुना झोपेल असते," बाबा म्हणत. "पाण्यानं जागा होते."

दादा कॉलेजात बास्केटबॉल खेळायचा. सत्तरच्या दशकाची मधली वर्षं. मैदान मुरमाचं, बोर्ड लाकडी, रिंगला जाळी नाही. मी शाळा सुटल्यावर तिथल्या निंबाखाली पुस्तक घेऊन बसे. जाळी नसल्यामुळे नेमका मारलेला बॉल रिंगमधून आवाज न करता खाली येई. चुकला तरच लोखंड वाजे. मी पुस्तकातून मान वर न काढता दादाचा खेळ कानांनी पाहत असे. जितकी शांतता, तितका त्याचा दिवस चांगला.

नागपूरच्या संघाशी सामना होता त्या दिवशी मैदान आखायची फक्की संपली होती. बाबांनी आपल्या दुकानातला ताजा चुना बारीक करून पोतंभर पाठवला आणि मागोमाग स्वतः आले. "माह्या पोराच्या मॅचले रेषा कशा चमकल्या पाह्यजे," ते ओळखीच्यांना सांगत होते. चमकतही होत्या.

रिंगखाली धक्का लागून दादा तोंडावर पडला आणि त्याचा चेहरा रेषेवरून घसटत गेला. उठला तेव्हा डावी बाजू पांढरी झालेली, हात डोळ्यावर. कुणीतरी बादली घेऊन धावला. तेवढ्यात गर्दीतून बाबांचा आवाज आला.

"पाणी नोका टाकू! पाण्यानं पेटते तो! डोया उकयून जाईन पोराचा!"

बादलीवाला जागीच थांबला. चुन्याबद्दल बाबांना कोण शिकवणार? शेजारच्या घरून एरंडेल आणलं. बाबांनी स्वतःच्या हाताने ते डोळ्यात घातलं, दुपट्टा बांधला, रिक्षा केली. दवाखान्यापर्यंत ते दादाच्या पाठीवरून हात फिरवत होते.

दवाखान्यात डॉक्टरांनी दुपट्टा सोडला. बाबा तेव्हा बाहेर चिठ्ठी काढत होते. आत मी होते. डॉक्टर तरुण होते आणि चिडले होते.

"लगेच पाणी का मारलं नाही? बादल्याच्या बादल्या मारायच्या. चुना डोळ्यात गेल्यागेल्याच ओला होतो. तुम्ही तेल घालून तो आत धरून ठेवला."

दादाने चाचपडत माझं मनगट पकडलं.

"बाबाले सांगू नको."

मी हो म्हटलं.

"कधीच नाई," तो म्हणाला.

डावा डोळा गेला. जखम भरल्यावर दादा पुन्हा मैदानात जाऊ लागला. मीही निंबाखाली बसू लागले. पण एका डोळ्याला अंतर कळत नाही. रिंग त्याला दिसे, ती किती लांब आहे हे दिसत नसे. बॉल पुढच्या कडेवर आपटे, खाली येई, पुन्हा आपटे. कित्येक महिने ते लोखंड वाजत राहिलं. मी पान उलटायचं विसरून ऐकत बसे. मग एका संध्याकाळी तो आवाज थांबला. मला वाटलं जमलं. पाहिलं तर तो बॉल मांडीवर घेऊन खांबाला टेकून बसला होता.

पुढे जुने क्रीडाशिक्षक निवृत्त झाले आणि कॉलेजने दादाला ठेवून घेतलं. तो फार ओरडणारा प्रशिक्षक नव्हता. नेहमी मैदानाच्या अशा बाजूला उभा राही की सगळा खेळ त्याच्या उजव्या डोळ्यापुढे यावा. पहिल्याच वर्षी त्याने चुना बंद केला. प्रत्येक खेळाडूने घरच्या चुलीतली राख आणायची. आमच्याकडे चुलीत पऱ्हाट्या जळतात. कपाशीच्या त्या वाळल्या काड्यांची राख हलकी आणि बरीच पांढरी असते. रोज सकाळी रेषा आखायच्या, रोज वाऱ्याने उडायच्या.

बाबांना हे लागलं.

"चुन्याच्या दुकानदाराचा पोरगा, अन् रेषा राखेच्या! लोक हासतात मले."

"पोरं अनवाणी खेळतात, बाबा. चुन्यानं तळपाय फाटतात."

"आमचे नाई फाटले जन्मभर!"

दादा हसून ताटावर बसे. बाहेरगावचे संघ त्याच्या पोरांना 'राखुंडे' म्हणत, तेही तो हसून घेई. बाबा मैदानाकडे मात्र फिरकेनासे झाले होते. आपल्याच दुकानातल्या चुन्याने डोळा गेला, एवढं त्यांना पुरे होतं. त्याहून अधिक त्यांना कधी कळू नये, यासाठी दादा जपत होता. त्या दवाखान्याच्या रस्त्याने तो बाबांना सोबत नेत नसे.

ऐंशीचं दशक निम्मं सरलं असेल. आमच्या मैदानावर मोठा सामना होता. बाहेरून आलेल्या पंचाने रेषा पाहिल्या आणि कमरेवर हात ठेवले.

"काय सर, मॅच घेऊन राह्यले का भानामती करून राह्यले? चुना टाका, नाईतर मी शिट्टी नाई वाजवत."

दादाने पुष्कळ समजावलं. शेवटी शिपाई दुकानात गेला, आणि चुना घेऊन त्याच्याबरोबर बाबाच आले. आपल्या चुन्याची वेळ आली याचं समाधान त्यांच्या चेहऱ्यावर होतं. कितीतरी वर्षांनी ते माझ्या शेजारी निंबाखाली बसले.

उत्तरार्धात वडनेरचा एक उंच मुलगा बाहेर जाणाऱ्या बॉलवर झेपावला आणि रेषेवर पालथा पडला. डोळ्यावर हात घेऊन ओरडत उठला. दादा पळत गेला, त्याला खांद्याने ओढत हापशीपाशी आणलं.

"पाणी नोका टाकू!" बाबा ओरडले. तोच आवाज, तेच शब्द. उठून धावलेसुद्धा.

दादाने वर पाहिलं नाही. मुलाची पापणी बोटांनी उघडी धरून तो म्हणाला, "बाबा, हापसा."

"अरे, पेटते तो!"

"हापसा तुमी. थांबू नका."

बाबांनी दांडा धरला. ते हापसत राहिले, दादा तो डोळा धारेखाली धरून राहिला. कुणी बदली करायला पुढे आलं तर बाबांनी त्याला कोपराने बाजूला सारलं. दवाखान्यातही ते सोबत गेले. दादाला त्यांना अडवता आलं नाही.

डॉक्टर दुसरे होते. डोळा तपासून त्यांनी बाबांच्या ओल्या धोतराकडे पाहिलं. "पाणी मारलंत, म्हणून डोळा वाचला," ते म्हणाले.

त्या संध्याकाळी मी ताटं वाढली. बाबांनी हात लावला नाही.

"तुह्या वेळी पाणी टाकलं असतं तर?"

"काही नसतं झालं," दादा भात कालवत म्हणाला. "माह्या डोयात खडा घुसलता. खडा पाण्यानं नसता निघाला."

बाबा माझ्याकडे वळले. "काय वं बाई? तू होती ना आत?"

दादाने मान उचलली नाही.

"हो, बाबा. खडा होता," मी म्हटलं.

बाबांनी ताट पुढे ओढलं. मग त्यांनी एक घास घेतला.

त्यानंतर दुकानात चुना आला नाही. होता तो संपला, मग गेरू आणि तयार रंग तेवढे राहिले. गिऱ्हाईक परत जाई, बाबा कारण सांगत नसत. घरी मात्र ते रोज संध्याकाळी चुलीपाशी बसून जुन्या चाळणीने राख चाळत. खडा, कोळसा, जळकी काडी बोटांनी वेचून काढत. उरलेली मऊ राख डब्यात भरत. दादा पहाटे तो डबा उचलून मैदानावर नेई. त्याबद्दल दोघांत कधी एक शब्द झाला नाही.

बाबा खाटेला खिळेपर्यंत हे चाललं. भरलेला डबा ते दाराच्या उजव्या अंगाला ठेवत, दादाला जाताना दिसेल असा.