निकम सरांचा आरसा

निकम सरांबद्दल लिहायचं मी इतकी वर्षं टाळलं, की आता टाळायलाही फारसा वेळ उरलेला नाही.

सत्तरच्या दशकात सांगलीच्या एका शाळेत मी विज्ञानाचा शिक्षक म्हणून हजर झालो. पहिल्याच दिवशी एक उंच, काटकुळा माणूस शिक्षकखोलीत शिरला आणि बसण्याआधी त्यानं खुर्ची वाजवली. बोटाच्या पेरानं, टक्. मग टेबल, मग माठ, मग माझा डबा. डब्याला कान लावून म्हणाला, "भाकरी हाय. पण शिळी."

शिळीच होती.

सर मूळचे साताऱ्याकडचे, गणित शिकवायचे. विश्रामबागेत आम्ही एका खोलीत भाड्यानं राहू लागलो. स्वस्थ बसणं त्यांना ठाऊकच नव्हतं. जेवताना ताट वाजवत, चालताना खांब वाजवत. त्यांचं स्वतःचं एक शास्त्र होतं, त्याला ते 'नाददर्शन' म्हणत. "येळ जात न्हाई गड्या, मुरती. लोणच्यावानी. आरशात उजेड शिरतो, तो समदा परत येत न्हाई. थोडा आत ऱ्हातो. त्या येळंचाच आवाज परत दिला, की काच थरथरती आन् आतलं वर येतं." मी पुस्तकातले नियम सांगू लागलो की म्हणत, "पुस्तक लिवणाऱ्याचा भाऊ गेलता का?"

त्यांचा गेला होता. धाकटा बाळू, फौजेत होता. रजेवर आला तेव्हा विहिरीवरच्या इंजिनावरून दोघांचं वाजलं. सर त्याला साताऱ्याच्या एस. टी. स्टँडवर पोचवायला गेले, पण अबोला सोडला नाही. समोरच्या हॉटेलात भिंतीकडं तोंड करून चहा पीत बसले. भिंतीवर मोठा आरसा होता, त्यात मागची गाडी दिसत होती. सरांनी बशीतून मान वर काढली नाही. कंडक्टरची डबल बेल तेवढी ऐकली. बाळू एकाहत्तरच्या लढाईतून परत आला नाही.

"त्यो वळला का न्हाई, एवढंच बघायचंय मला," सर म्हणत. हॉटेल नव्यानं सजवलं गेलं तेव्हा तो आरसा त्यांनी मागून घेतला आणि वाकळेत गुंडाळून गाडीच्या टपावरून सांगलीला आणला. एका मोडीत निघालेल्या गाडीची घंटाही मिळवली.

दर रविवारी दुपारी आमच्या खोलीत प्रयोग चाले. मी आरशासमोर बसायचं, सरांनी मागून दोरी ओढायची. टिंग टिंग. "दिसलं?" "नाही, सर." पुन्हा टिंग टिंग. स्वतः ते बघत नसत. म्हणत, "माजी नजर लबाड हाय. तिला पायजे त्येच दिसंल."

एका रविवारी मला मॅटिनीला जायचं होतं. पत्रा तापलेला, अंगाची लाही झालेली. सुटका हवी म्हणून मी म्हणालो, "दिसलं."

दोरी थांबली. "काय?"

"वळले. खिडकीतून हात केला."

सरांनी दोरी सोडली आणि आरशावर वाकळ टाकली. म्हणाले, "वळला तर." त्या दिवसापासून त्यांचं वस्तू वाजवणं थांबलं. मला वाटलं, बरंच झालं.

पण सर गप्प बसणाऱ्यातले नव्हते. शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात त्यांनी आरसा आणि घंटा मांडली आणि पाहुण्यांसमोर ठणकावून सांगितलं, "ह्याला साक्षीदार हाय. आमचं विज्ञानाचं मास्तर!" हेडमास्तर माझ्याकडं वळले. माझी नोकरी अजून कायम व्हायची होती.

"मी काही पाहिलं नाही, सर," मी म्हणालो.

अख्खं सभागृह हसलं. मग पोरं सरांच्या मागून टिंग टिंग ओरडत फिरू लागली. वर्ष संपायच्या आत त्यांनी राजीनामा दिला. वाकळ बांधताना मला म्हणाले, "तुज्या पोटाचा सवाल व्हता. घाबरलास. मला राग न्हाई रं. तू बगितलंस, एवढं बास हाय."

खरं बोललो ते सभागृहात. खोटं त्या रविवारी. सरांनी नेमकं उलटं धरलं होतं.

बऱ्याच वर्षांनी ते अंथरुणाला खिळल्याचं कळलं, तेव्हा मी साताऱ्याला गेलो. एकच वाक्य घोकत गेलो. आरसा त्यांच्या खाटेसमोर टांगला होता, पारा उडालेला. मला पाहताच त्यांनी आत बायकोला हाक मारली. "आगं, च्या टाक! आमच्या बाळूला बगितलेला मानूस आलाय." वहिनी पदराला हात पुसत बाहेर आल्या आणि माझ्याकडं बघत उभ्याच राहिल्या.

"कंचा हात केलता रं त्यानं?" सरांनी विचारलं. "तवा इचारायचंच ऱ्हायलं."

"उजवा," मी म्हणालो.

सरांनी डोळे मिटले आणि उशाशी ठेवलेल्या बशीच्या काठावर बोटानं हलकेच दोनदा वाजवलं.

त्यानंतर महिनाभरात ते गेले. घोकलेलं वाक्य अजून माझ्या तोंडात आहे: सर, मला माफ करा, त्या रविवारी आरशात मला फक्त माझं तोंड दिसलं होतं.